कुंगू

रात्री अडीचला जाळी वर आली.
दोनशे मीटर ओला दोर, तळहात सोलणारा.
मासोझीने ती बशीत पालथी केली :
"काही नाही. नुसतं पाणी."

मग बॅटरी तिरकी धरली.
पाण्यात चार-चार रुपेरी ठिपके,
दोन पुढे, दोन मागे,
मधलं अंग असून नसल्यासारखं.
हवेच्या त्या पिशव्या फुगवत, आकसत
ही अळी दिवसभर खाली दडते,
जिथे प्राणवायू संपतो
आणि मासे माघारी फिरतात.
रात्री वर येते, जेवायला.
एकीच्या गळ्यात पाणपिसू दिसली,
अख्खी, अजून पाय झाडणारी.
काचेचं अंग, खाल्लेलं लपत नाही.

अवसेनंतर तिसऱ्या सकाळी
मलावी सरोवर पेटलं.
लिकोमाच्या बाजूने धुराचे खांब,
वाकत, तुटत, पुन्हा उभे राहत.
"तोंडं मिटा!" विटुंबिको ओरडला,
आणि त्यानेच दोनदा थुंकून टाकलं.

धूर कसला. पंख.
पापण्यांवर, होकायंत्रावर, चहात.
चावत नाहीत ; एवढ्याशा आयुष्यात
तोंडाला कामच उरत नाही.

किनाऱ्यावर मासोझीची मावशी
ओली टोपली डोक्यावरून गरगर फिरवत होती.
तव्यावर काळ्या वड्या, भाकरीच्या जाडीच्या,
वास मासळीचा, थोडा मुंग्यांचा.

"रात्रभर दोर ओढून बशीभर?" ती हसली.
"मी टोपली धरते. ते आपणहून येतात."
वहीत खोली आणि वेळ लिहायची राहिली होती.
तिने माझ्या सोललेल्या तळहातावर
गरम वडी ठेवली.