नात्याचा रकाना

पारामारिबोच्या इस्पितळात, तिसऱ्या खिडकीपाशी
फॉर्म भरून घ्यायचं काम माझं.
डच मोडकी, स्रानान त्याहून मोडकी,
बेरीज मात्र मराठीत, मनातल्या मनात.

कॉर्नेलीबाई आल्या. वय एकाहत्तर.
खळ घालून कडक केलेला डोईचा रुमाल,
टोकं अशी दुमडलेली की त्या घडीलाही नाव आहे:
बोलू देत त्यांना.
हातात डबा. कसावाची भाकर, वर तळलेला मासा.
"बारा नंबर, अल्विना. सोड आत."

पेशंटशी नातं?

"माती."

मी दचकले.
आमच्यात मातीला जाऊन येतात आणि अंघोळ करतात.
आमच्यात खाल्ली माती म्हणून कपाळ बडवतात.
इस्पितळाच्या दारात कुणी हा शब्द काढत नाही.

"बघतेस काय अशी?
चाळीस वर्षं तिची नि माझी कपडे वाळवायची दोरी एक.
तिला तीन पोरं, मला दोन, बाप चार
(त्यातले दोन बरे होते).
बुधवारची रात्र तिच्याकडे, हे नवऱ्याला ठाऊक,
चर्चमधल्या बायांनाही.
तिच्या पन्नाशीला भर रस्त्यातून बँड नेला मी,
डोक्यावर फुलांचं ताट घेऊन.
मग भांडलो. अकरा महिने अबोला.
त्या अकरा महिन्यांत माझ्या धाकट्याची फी
कुणी भरली, विचार.
लिही. माती."

मागून नात पुढे झाली, जोव्हांका, रॉटरडॅमची,
केस एका बाजूनं भादरलेले.
"आजी, याला शब्द आहे. आम्ही तो झेंड्यावर घेऊन चालतो.
लेस्बियन लिहा. नाहीतर पार्टनर तरी."
"तो तुझा शब्द, बाळ. तुला शोभतो.
मला तो दुसऱ्याच्या चपलेसारखा होतो."
"नाव नसलं की पुसून टाकतात, आजी."
कॉर्नेलीबाई डब्याच्या झाकणाकडे बघत राहिल्या.
"तेही खरंच," म्हणाल्या.

बाकावरून सुकदेई बोलली, ओढणीच्या आडून:
"माझ्या आजीला जहाजिन होती.
एका बोटीतून उतरलेल्या दोघी, उसाच्या मळ्यावर.
रक्ताची नाही, जातीची नाही,
पण तिच्या घरात आमची सोयरीक होत नसे, इतकी सख्खी.
तो बहिणीचा शब्द हं. तसला नाही."

"तसला म्हणजे कसला?" कॉर्नेलीबाई.

सुकदेईनं ओढणी सारखी केली. हसली की काय, कळलं नाही.

मी माझं गाठोडं सोडून बघितलं.
मैत्रीण: शाळेच्या डब्यातल्या लोणच्याचा वास.
सखी: कधीच मासिकाच्या मुखपृष्ठावर जाऊन बसलेली.
जिवलग फक्त पत्राच्या मायन्यात,
आणि भगिनींनो म्हटलं की आधी माइक खरखरतो.
वसतिगृहातल्या कुमुदला मी काय हाक मारायचे?
नुसतं अगं.
त्यात सगळं मावायचं
आणि काहीच सिद्ध व्हायचं नाही.
तिच्या लग्नात मी करवली होते. हिरवी साडी. असो.

फॉर्मवर पाच चौकटी:
आई, मुलगी, बहीण, पत्नी, इतर.
इतरांना चारनंतर, तेही दहा मिनिटं.
घड्याळात साडेअकरा.

मी बहीण वर खूण केली.

जोव्हांकाचा चेहरा उतरला.
सुकदेई म्हणाली, बरोबर केलंस.
कॉर्नेलीबाईंनी वाचलंच नाही,
त्या डबा सावरत निघाल्याही होत्या,
स्लिपर फटफट वाजवत, पार टोकाला,
आणि बारा नंबरमधून मोठ्यानं शिवी आली,
उशीर केल्याबद्दल.