अर्थिंग

मस्कतहून भावजींनी आणलेला, अठ्ठ्याण्णव साली,
बावीस किलोचा.
दोघांनी धरून टेबलावर ठेवला
तर आधी टेबलच बोललं.

माहितीपुस्तिका अरबीत.
पाठीमागं छत्तीस भोकं, लाल, काळी,
काहींची नावं पुसलेली.
मी जन्मभर सोसायटीचा गटसचिव;
लाल म्हणजे येणं, काळं म्हणजे देणं
एवढंच धरून जोडत गेलो.

चालू केला. आत कुठंतरी टक् झालं,
हिरवा दिवा लागला, आणि पुन्हा टक्.
बँकेच्या शिपायानं दार किलकिलं करून
साहेब जेवायला गेलेत म्हणून
लावून घ्यावं, तसा.

रात्री बॅटरीच्या उजेडात सापडलं.
डाव्या स्पीकरच्या वायरीतली एकच तार, केसाएवढी,
शेजारणीला जाऊन टेकलेली.
दातानं तोडली.
मग तग धरला त्यानं, पण घुमायला लागला.
हूंऽऽ. एकच सूर,
हंगामात सेलूच्या जिनिंगमधून रात्रभर येतो तसला.
आवाज कमी केला तरी तेवढाच,
स्टॅबिलायझर बदलला तरी तेवढाच.

हबीबमामू आला. झाकण उघडलंच नाही त्यानं.
पत्र्याला टेस्टर लावला, मान डोलावली,
आणि सरळ घरामागं जाऊन
अर्थिंगच्या खड्ड्यापाशी उकिडवा बसला.
काळ्या भुईला पंजा जाईल एवढी भेग.
"मशीन को कुछ नई हुआ, साब. जमीन सुकेली है."

मीठ, कोळसा इथपर्यंत ठीक होतं.
पाण्याचं नाव काढताच इंदुमती दारात.
टँकर बुधवारी येऊन गेलेला,
पुढचा कधी, ते टँकरवाल्यालाही ठाऊक नाही.
"खोक्यातल्या गाण्यासाठी भुईला पाजायचं?"
मामू म्हणाला, धुण्याचं बी चलता,
साबन का तो और अच्छा.
तिनं बादली आणली. ओतली मात्र स्वतः,
ही लिंबाच्या वाट्याची होती, हे ऐकवून.

भुईनं एका दमात घेतली.
दुसरीही.

आत आलो. हूं थांबलेलं.
बटण फिरवत नेलं, वीस, चाळीस, साठ.
भिंतीवरल्या घड्याळाचा काटा.
पलीकडं कुणीतरी भाकरी थापतंय.

"काय ऐकू येतंय?"
"काहीच नाही."
"दोन बादल्या घातल्या, आणि काहीच नाही?"
मी हसू दाबत मान हलवली.
ती तशीच उभी राहिली जरा वेळ,
ओला पदर पिळत,
कान देऊन.

मधला स्पीकर अजून मुकाच आहे.
ते उद्या.