वजन

सोहारच्या हॉस्पिटलात रात्रपाळी.
इथे दीड, म्हणजे मंडणगडात तीन.
फोनवर सासऱ्यांचं नाव उजळलं.

अर्जात त्यांनी लिहिलंय, खाली ठळक सही :
'आई परदेशी. मूल आमच्याकडे रुळलेलं.'
मी लिहिलंय : 'पासपोर्ट अडवून ठेवलाय.'
दोन्ही वाक्यं खरी. वकील दोघांचेही हुशार.

मेसेज एवढाच :
'हमजाला ताप. एकशे दोन. औषध किती द्यायचं?'

मी विचारलं, 'वजन?'

बराच वेळ काही नाही.
काचेपलीकडे रिफायनरीची ज्योत
एका अंगाला कललेली.
झोपेतून उठवून उभं केलं असेल काट्यावर,
की आजोबाच त्याला कडेवर घेऊन चढले
आणि मग स्वतःला वजा केलं?

'अठरा.'

मी निघाले तेव्हा साडेतेरा होता.

'दोनशे पन्नासवालं असेल तर पाच मिली.
बाटली हलवून घ्या. अंग कोमट पाण्याने पुसा.'
दोन निळ्या खुणा. मग :
'बरं, बेटा.'

हे बेटा पुराव्यात धरत नाहीत.
तारीख गुरुवारी आहे.

चौथ्या खाटेवरची बलुची मुलगी रडू लागते.
मी तिचा कागद ओढते
आणि वजनाच्या रकान्यात
अठरा लिहून बसते.
मग खोडते.