शून्य ज्यूल

पुंता अरेनासमध्ये वाऱ्याचे दिवस आले
की पालिकेची माणसं येतात
आणि चौकाच्या कडेनं दोर बांधून जातात.
कपडे वाळत घालायला नव्हे,
माणसं उडू नयेत म्हणून.

सातवीच्या वर्गात मी वर्ग शिकवते आहे.
वेगाचा वर्ग.
परातीत मैदा, परातीवर येर्कोचा हात,
हातात गोटी.
एक वीत उंचीवरून: टप्. एवढासा खळगा.
चार विती वरून सोडली तर वेग दुप्पट,
आणि मैदा थेट माझ्या चष्म्यावर.
हसून घ्या, म्हटलं. झालं? आता लिहा.
वस्तुमान दुप्पट, तर ऊर्जा दुप्पट.
वेग दुप्पट, तर
चौपट.
वस्तुमान सरळमार्गी आहे हो,
वेग मात्र स्वतःलाच स्वतःनं गुणून घेतो.

"मिस, मग अर्धं का?"
दरवर्षी कुणीतरी विचारतंच. यंदा अनाही.
"उरलेलं अर्धं कुणी घेतलं?"
मला उत्तर ठाऊक आहे. सरासरी वेग,
त्रिकोणाचं क्षेत्रफळ. फळ्यावर त्रिकोण काढलासुद्धा.
तिच्या चेहऱ्यावर काही उजाडलं नाही.
"पुढे सांगतील," म्हणाले,
आणि माझ्याच जुन्या बाईंचा आवाज
माझ्या तोंडून ऐकला.

येर्कोच्या आजोबांची टोपी परवा चौकातून उडाली
ती सामुद्रधुनीतच गेली.
तसलीच दुसरी त्यानं तोलून आणलीय: एकशे वीस ग्रॅम.
वेग धरला वाऱ्याइतका, सेकंदाला वीस मीटर.
चोवीस ज्यूल.
"एवढेच?" वर्ग हिरमुसला.
आजोबा तर तीन दिवस जेवताना तेच बोलतायत,
त्यांच्या वडिलांनी बोटीतून आणलेली ती टोपी.
चोवीस ज्यूल म्हणजे किलोभर मैद्याची पिशवी
जमिनीवरून उचलून कपाटाच्या माथ्यावर.
बाकीचं वजन टोपीचं नाही. ते मांडू नका.

मियाराय फारशी बोलत नाही. अडतीस किलो.
सकाळी उशीर झाला की पळते,
सेकंदाला तीन मीटर: एकशे एकाहत्तर ज्यूल.
घरी जाताना वारा पाठीशी, सहा मीटर.
तीच मुलगी, तेच उसवलेले बूट:
सहाशे चौऱ्याऐंशी.
तिनं आकडा दोनदा तपासला,
मग शेजारणीच्या वहीत डोकावून
तिचा आपल्यापेक्षा कमी आहे हे पाहून घेतलं,
आणि हसली. मार्चपासून पहिल्यांदा.

मग हात वर.
"आणि दोर धरून उभी असते तेव्हा?"
वेग किती?
"काहीच नाही. वारा तोंडावर. पाऊल पडत नाही."
मग सोपं आहे, म्हटलं. शून्याचा वर्ग शून्य.
वस्तुमान अडतीस असो नाहीतर अडतीसशे.
"शून्य ज्यूल," तिनं लिहिलं. खाली रेघ ओढली.
"पण हात भरून येतात."

तावदानं तेवढी खडखडत होती.
"माझी आई खेकडे सोलते," मागच्या बाकावरून कुणीतरी,
"आठ तास. एका जागी."
मी खडू ठेवला. परत उचलला.
गतिज म्हणजे गतीची, म्हटलं,
जे जागचं हलतं त्याचाच हा हिशेब.
स्नायूंचं प्रकरण निराळं, पान त्र्याण्णव,
ते साखर जाळतात, उष्णता होते,
शिवाय ते शिकवायला दुसरे सर आहेत.
यातलं काहीही खोटं नव्हतं.
तेवढ्यात घंटा झाली.

मियारायचं उत्तर बरोबर होतं. मी खूण केली.
लाल शाईची, जरा मोठी.

संध्याकाळी चौक ओलांडताना
मीही दोराला. डोळ्यांत धूळ, केसांत अजून मैदा.
पुढे कुणीतरी म्हातारे, एका हातानं टोपी दाबलेली,
त्यांच्या पुढे आणखी दोघं-तिघं,
सगळे जागच्या जागी.
मागून दिसत काहीच नव्हतं.
पण कुणी तोल सावरला
की माझ्या मुठीत दोराला हिसका बसायचा,
आणि मीही थोडा परत द्यायची.