छप्पन्न पूर्णांक एक दशांश

गोंबोरीच्या घाटात खड्डा दिसला नाही, असं नाही.
दिसला. पण समोरून मेंढ्या,
आणि डाव्या सीटवरून सासूबाई ओरडल्या, "आत्ता!"

आमच्या होंडाचं स्टिअरिंग उजवीकडे,
जपानहून आलं तसंच.
रस्ता जॉर्जियाचा, उजव्या अंगाने जाणारा.
म्हणून ट्रकच्या पलीकडचं जग
फक्त त्यांना दिसतं.
त्यांचं "आत्ता" मी अकरा वर्षं मानत आले.
त्या दिवशीही मानलं.
रिम तडकली.
स्टेपनीवर तेलावीपर्यंत आलो. त्या अवाक्षर बोलल्या नाहीत.

त्यांचा मुलगा, माझा नवरा, पोलंडात ट्रक चालवतो.
फोन आला की आधी गाडीची चौकशी.
आम्ही म्हटलं, गाडी बरी आहे.

रविवारी रुस्तावीच्या बाजारात
चाकांचे मनोरे, मधे चिखल, चिखलावर फळ्या.
भाचा वातो कधीपासून एका जागी खिळलेला:
काळी, चकचकीत, सोळा इंची.
ओतियाने तिकडे मान वळवली नाही.
"मागे काय ठेवता?"
द्राक्षांचे क्रेट. कधी शेजारीण, तीही वजनदार.
"मग ही बाहेर येतील आणि भार पडला की
दर वळणाला मडगार्ड कुरतडतील. पुढचं दाखवू?"

पुढची व्हिट्झची होती. चार भोकं,
शंभराचं वर्तुळ, भोकाला भोक.
मी म्हटलं, जुळतंय की!
त्याने खिशातून व्हर्निअर काढलं,
बाहीला पुसलं, चाकाच्या मधल्या तोंडात उघडलं.
"चोपन्न. तुझा हब छप्पन्न पूर्णांक एक.
दोन मिलिमीटर, बाई. त्यांना कुणाची भीड नसते."
लेथवर वाढवून घेऊ, वातो म्हणाला.
"लेथ माझ्या भावाचा आहे.
तरी नको म्हणतोय."

शेवटी ढिगाच्या तळातून निसानची निघाली,
लोखंडी, गंजाचे ठिपके, कुणी एकदा
चंदेरी रंग मारून सोडून दिलेली.
तोंड साठचं. सैल.
"सैल चालेल. सैलात कडं बसतं."
आणि डब्यातून चार पांढरी प्लास्टिकची कडी काढून
बॉनेटवर मांडली.

सासूबाईंनी एक उचललं, निरखलं,
आणि कुणाला कळायच्या आत मनगटात चढवलं.
मग ते निघेना.
ओतियाने ग्रीस आणलं. वातोने साबण. कुणीतरी चाचाची बाटली,
जी ग्रीसपेक्षा जास्त फिरली.
अंगठ्याच्या सांध्यावर ते अडून बसलेलं,
मी त्यांचा हात माझ्या दोन्ही हातांत धरलेला,
अकरा वर्षांत पहिल्यांदाच इतका वेळ,
आणि त्या हसत होत्या,
पडलेल्या दाताची जागा दिसेपर्यंत हसत होत्या.
"राहू दे," म्हणाल्या, "तीनच चाकं बदला."

निघालं. हात लाल झाला होता.
ओतियाने तेच कडं पुसून
पुढच्या डाव्या चाकात बसवलं, त्यांच्या बाजूच्या.

"निसानचे नट घेऊ नका, आटे वेगळे.
तुमचे जुने गोल बुडाचे, तेही नकोत.
हे निमुळते घ्या. आणि पन्नास किलोमीटरवर
थांबून पुन्हा आवळा. विसराल. विसरू नका."

सागारेजोच्या पुढे, कलिंगडांच्या ढिगाशेजारी थांबले.
सोळा नट. पंधरा जागचे हलले नाहीत.
सोळावा पाव फेरा फिरला.
कुठला, ते मी सांगितलं नाही.

किल्ली फिरवली. गाडी नेहमीसारखं जपानीत काहीतरी बोलली,
जे आजवर आम्हा दोघींना कळलेलं नाही.
सासूबाई नेहमीसारख्या म्हणाल्या, "हो, हो."

आता पुढे ट्रक आहे, गवताने लादलेला.
त्या काचेला गाल लावून बघतायत.
मी पाय अर्धा दाबून.
अजून काही म्हणालेल्या नाहीत.