तेराचा पाना

बँड नव्हताच.
हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे मलाही आठवणार नाही.
सिनेमा होता खोटा माहितीपट,
त्याला लागणारा खोटा पंक बँड आम्ही
सातपूरच्या एका बंद लेथशेडमध्ये
तीन दुपारींत जुळवला.
नावावर अर्धा तास वाद. मग पायात आला
तेलकट, तेराचा पाना.
तेच ठेवलं.

गायक निनाद क्षेमकल्याणी. गाता येत नाही.
(येत असतं तर घेतला नसता.)
बासवर अफझल अत्तार,
चार तारांतल्या एकीवरच जीव,
बाकी तिघींना परस्त्रीसारखा मान.
ड्रमवर शुभदा पगारे, पंचवटीच्या ढोलपथकातून उचललेली.
राग तिचा घरचा होता,
तो आम्हाला लिहावा लागला नाही.

मॅनेजर मिळेना.
नट आले, गॉगल लावून इंग्रजीत शिव्या देऊन गेले.
मग सावलीला कनात बांधायला आले
हेमराज खैरनार, मंडप आणि लाईट डेकोरेटर्स, पाथर्डी फाटा.
खिशाला दोन पेनं, एक चालणारं.
दोरी आवळता आवळता विचारलं,
"ह्या पोरांच्या जेवणाचं कोण बघतं?"
कॅमेरा चालू होता.

काका, हे खरं नाहीये, असं मी समजावलं.
"कळतंय हो. लग्नातलं तरी किती खरं असतं,"
म्हणाले, आणि डायरी काढली.

टेक सात. काका सांगतायत:
पहिला कार्यक्रम देवळाली कॅम्पात. प्रेक्षक सतरा,
त्यातले अकरा केटरर्सचे.
हे संवाद आमचे नव्हते.
टेक नऊ. शुभदानं भिरकावलेली काठी
व्याह्यांच्या फेट्यात अडकली,
"माफी मागितली मी. बिदागी सोडली नाही."
बूम धरणारा हसला, तो बूम अजून दिसतो
फ्रेमच्या वरच्या कोपऱ्यात,
कौलावरून डोकावणाऱ्या मांजरासारखा.

मग एका मंगळवारी फोन.
"बावीस तारीख धरली. पिंपळगाव, द्राक्षाचं पॅकहाऊस,
सीझन संपल्याची पार्टी. पाच हजार आगाऊ घेतलेत."
कुठला बँड, काका?
पलीकडे कुणीतरी खुंटा ठोकत होतं.
ते थांबलं.
"आपला."

तर गेलो. नाशिकहून एका टेम्पोत,
ड्रम, गाद्या, खुर्च्या आणि आम्ही.
शीतगृहाच्या दारापुढे उलट्या क्रेटचं स्टेज,
त्यावर तिघं, मिळून दीड गाणं येणारे.
समोर निवडणीच्या बाया,
डोक्यावर अजून जाळीच्या टोप्या, हातात भेळेचे पुडे.
निनाद शब्द विसरला.
समोरच्या खोक्यावर छापलेलं वाचून ओरडला:
साईज! साईज! सोळा एमएम!
त्याच्या खालचं
फेकून द्या!

आधी हसल्या.
मग मागच्या रांगेतली एक उभी राहिली, पुडा बाजूला ठेवून.
फेकून द्या!
अडीच महिने कात्रीनं जे बोलत होत्या
ते आता तोंडानं.
सुपरवायझर टाळ्या वाजवत होता, मग वाजवेना.
दीड गाणं अकरा वेळा झालं.
अफझलनं दुसऱ्या तारेला हात लावला.

आता एडिटला बसलोय. हा तुकडा कुठेच बसत नाही.
हसू येत नाही त्यात, आणि सिनेमा तर हसायचा.
निर्माता म्हणतो, काढ.
काकांचा निरोप आलाय सकाळी:
ड्रमचं पान फाटलंय, तुमच्या बजेटमधून होईल का,
नाहीतर मी बघतो,
आणि नऊ तारखेला ओझरला यायचंय, गाडीत जागा आहे.

उत्तर दिलेलं नाही.
चित्र थांबवून ठेवलंय:
बायांच्या मागे, ताडपत्रीच्या गाठी सोडत
काका ओठ हलवतायत.
सोळा एमएम, सोळा एमएम,
ठेका चुकवून.