मोजून मिळाले

एकतीस मेला शाल दिली, नारळ दिला,
भिंतीवरचं घड्याळ दिलं.
एक जूनपासून माझ्या पगाराच्या जागी
'तात्पुरते' हा शब्द आला.

तात्पुरते निवृत्तिवेतन.
उपदान, थांबवले.
रजा रोखीकरण, थांबवले.
नियम एकशेतीस.
पेन्शन शाखेतली वृषाली कागद सरकवत म्हणाली,
काका, हे मी नाही लिहिलेलं,
मी फक्त टाइप केलंय.

दोषारोप एकच.
श्री. हसुराम जोमा मढवी, भांडारपाल, कोपरखैरणे.
पाण्याचे मीटर, अर्ध्या इंचाचे, नग बेचाळीस.
सही माझी.
सहीवर शिक्का, निळा, जरा तिरका:
मोजून मिळाले.

खरं सांगू?
चौकशीत हे कुणी विचारलंच नाही.
शनिवार होता, सव्वासहा वाजून गेलेले,
टेम्पोवाल्याला जुईनगरहून पोरीला शिकवणीतून आणायचं होतं.
खोकी होती सात.
एका खोक्यात सहा असतात. नेहमी असतात.
मी खोकी मोजली.

पहिले चौकशी अधिकारी बदलून गेले.
दुसरे भले, स्वतःच्या पैशाने चहा पाजायचे,
ते माझ्याआधी चार महिने सुटले,
सगळे पैसे घेऊन.
तिसऱ्यांनी फाइल उघडली आणि मलाच विचारलं,
हे प्रकरण कशाचं आहे?
सादरकर्ता अधिकारी रजेवर.
साक्षीदार क्रमांक दोन, म्हणजे तो टेम्पोवाला,
दिलेल्या पत्त्यावर मिळून येत नाही.
पुढील तारीख यथावकाश कळवण्यात येईल.

यथावकाश.
हा शब्द आमच्या घरात माझ्याआधीपासून राहतो.
घणसोलीची दोन खाचरं, मिठागराचा एक तुकडा,
शहर बसवायला घेतलं तेव्हा बापाला सांगितलेलं,
एका पोराला नोकरी,
आणि भूखंड, यथावकाश.
पोर म्हणजे मी.
भूखंड अजून फायलीत आहे.
बाप नाही.
पण जमीन नीट मोजली हो त्यांनी,
साखळी टाकून, उभी, आडवी,
बांधावरचा उंबरसुद्धा हिशेबात धरला.

हिला वाटतं मी कुणाला तरी पाठीशी घालतोय.
भाकरी थापता थापता विचारते,
"तुमी घेतलंव का?
घेतलं असंल त सांगा,
मंजे आपले घरान कुठं गेलं त तरी कलंल."
मग हसते.
तव्यावरची भाकरी उलटायची राहते.

गावठाणातल्या घरावर एक खोली चढवायची होती.
उपदान येणार म्हणून लोखंड आधीच आणलं.
जिन्याखाली पडलंय, गंज धरलाय,
नातवाच्या चड्डीला रोज तांबडं लागतं.
सळ्या एकवीस.
त्या मात्र मी मोजल्यात.
रात्री झोप येत नाही तेव्हा परत मोजतो.

परवा पुन्हा अर्ज घेऊन बेलापूरला गेलो,
मुख्यालयात, खिडकी क्रमांक नऊ.
विनंती, की चौकशी एकदाची संपवा,
काय तो दंड लावा,
निर्दोष म्हणा, चोर म्हणा,
पण काहीतरी म्हणा.

वृषालीने आवकचा शिक्का उचलला.
जोडपत्रं किती, काका?
अकरा.
तिने पोच लिहिली, जोडपत्रे अकरा,
आणि सहीसाठी पेन टेकवलं.

मोज, मी म्हणालो.
असतील हो काका, तुम्ही काय खोटं सांगाल.
मागे रांग होती, जेवणाची सुट्टी व्हायची होती,
कुणीतरी च्यक् केलं.
मी पोचपावतीवर हात ठेवला.
पोरी, मोज.

तिने बोट ओलं केलं.
एक. दोन. तीन.
माझा दोषारोप, माझं उत्तर, सेवापुस्तकाचं पान,
बापाच्या सातबाराची झेरॉक्स, ती कशाला जोडली कोण जाणे.

दहा निघाली.

तिने माझ्याकडे पाहिलं.
मी पुन्हा मोजली, माझ्या हाताने,
थुंकी लावून, एकेक पान सुटं करून.
दहाच.

तिने अकरावर आडवी रेघ मारली,
शेजारी दहा लिहिलं,
आणि रेघेवर बारीक सही केली.